सहा मीटर

रुसे शहरात, डॅन्यूबच्या बंदरापासून तिसऱ्या गल्लीत
पडद्यांच्या कापडाचं एक दुकान आहे.
तिथे मी मोजपट्टी वापरत नाही.
गिऱ्हाईक म्हणतं सहा मीटर,
मी ठाण उलगडते, एकदाच,
आणि कात्री लावते.
घरी नेऊन मोजा म्हणते.
आजवर तक्रार घेऊन एकच जण परत आली.

सहा मीटर म्हणजे रिबिनीची लांबी.
सात वर्षांची होते तेव्हा ती
माझ्या उजव्या खांद्यात राहायला आली
आणि अजून राहते, बिनभाड्याने.

वेलिच्काबाई म्हणायच्या, रिबीन थांबली की मेली.
त्या स्वतः गेल्या तेव्हा मी पेटीशेजारी उभी होते,
टाचा जुळवून, पोट आत, हनुवटी वर.
रडू आलं ते घरी, भांडी विसळताना,
इतकं ताठ उभं राहिल्याबद्दल.

सकाळी साडेसहाला वजन.
त्याआधी आम्ही चौघी पेल्यात थुंकत बसायचो,
वीस ग्रॅम, तीस ग्रॅम, जे काय कमी होईल ते.
स्नेझिना केसांतल्या पिनाही काढून ठेवायची.
(आता ती प्लेव्हेनला दातांची डॉक्टर आहे.)
रात्री एक सफरचंद चार उशांखालून फिरायचं.
चावायचं नाही, नुसतं हुंगायचं, असं ठरलेलं.
बियांपर्यंत कोण पोचलं
ते अजून कुणी कबूल केलेलं नाही.

आई रेल्वेच्या कॅन्टीनमधून येऊन
माझ्या पोशाखावर टिकल्या शिवायची.
केस साखरेच्या पाण्याने चापून बसवायची,
उन्हाळ्यात गांधीलमाश्या बसस्टॉपपर्यंत मागे यायच्या.

मग वार्ना, शहाऐंशी साल.
दुसऱ्या फेकीनंतर गाठ पडली,
काठीपासून हातभर अंतरावर, मुठीएवढी.
गाठ सोडवायला वेळ नसतो. नव्वद सेकंद असतात,
त्यातले साठ गेलेले.
मी पियानोकडे पाहिलं नाही.
मेटोडीकाकांनी माझ्याकडे पाहिलं,
आणि एक सूर धरून ठेवला,
नियमात बसतो त्याहून जरा जास्त.
तेवढ्यात मी झटका दिला.
सुटली नाही.
तशीच नाचले, गाठीसकट.
अकरावी आले. पेपरात एक ओळ, तीतही नाव चुकलेलं.
मेटोडीकाका त्या सुराबद्दल कधी बोलले नाहीत,
मीही विचारलं नाही.
पदकं विचाराल तर दोन आहेत, बटणांच्या डब्यात.

डॉक्टरने एक्स-रे खिडकीच्या उजेडात धरला,
खुब्याच्या हाडावर बोट ठेवलं, म्हणाला,
आजींना आत बोलवा.
मी म्हणाले, मीच.
एकोणीस पूर्ण, विसावं चालू.

लग्न केलं. लाचेझार बंदरावर क्रेन चालवायचा.
स्पेनला स्ट्रॉबेरी तोडायला गेला
आणि तिथेच रुजला.
त्याच्याबद्दल एवढंच.

गेल्या गुरुवारी एक बाई आली, सोबत आठेक वर्षांची मुलगी.
निळं सॅटिन हवं होतं, क्लबातली रिबीन महाग पडते म्हणून.
मुलगी रांगेत उभी, पावलं बाहेर वळवलेली.
मी म्हटलं, सरळ उभी राहा गं, इथे कुणी गुण देत नाही.
ती राहिली नाही.
मी पट्टी कापली, काठ दुमडून दिले.

दुसऱ्या दिवशी परत हजर.
आई ओशाळलेली: ही म्हणते, कमी आहे.
मोजलंस?
मुलीने मान हलवली. नाही.
फिरवली, म्हणाली. शेपूट लवकर येतं.

मी गल्ल्याखालून मोजपट्टी काढली, धूळ झटकली.
पाच मीटर नव्वद.
खांदा म्हातारा झाला,
की कात्रीनेच तिला दहा सेंटिमीटर वाचवू पाहिलं,
देव जाणे.

नवी कापून दिली. पैसे घेतले नाहीत.
निघताना आईला म्हटलं, हिला सफरचंदं देत जा.
ती म्हणाली, हो हो, जीवनसत्त्वं असतात ना त्यात.