खोकला

दिग्रसच्या रस्त्यावर पहाटे चारला
डांबर जेवढं थंड व्हायचं तेवढं झालेलं असतं.
तेवढ्यात आम्ही निघायचो,
मी पुढं, निमा भोयर मागं.
पायाखाली लांब पट्ट्या, पट्ट्यांना चाकं,
बबन वेल्डरनं भंगारातल्या स्केटची काढून बसवलेली.
काठ्या पहिल्या वर्षी तुराट्यांच्या होत्या.
मोडायच्या. चुलीत जायच्या.

तिला उजेड कळतो, ट्रक कळतो,
माणूस आणि बाभूळ यातला फरक कळत नाही.
मी तिचा आवाज होतो.
"डाव्या अंगानं वय."
"उतार हाये, बस खाली."
"खड्डा. खड्डा. गेला."
गाडीवाले थांबून विचारायचे, हे काय खूळ?
बर्फावरची शर्यत हाये, ती सांगायची.
मे महिना असायचा.
ते आम्हाला पाणी पाजून निघून जायचे.

काश्मिरात पहिल्यांदा उतरलो
तेव्हा लटपटले माझेच पाय.
ती वाकली, मूठभर बर्फ उचलला,
कानाशी नेऊन दाबला.
"साबुदाणा," म्हणाली. "कोरडा, पोत्यातला."

पुढं सत्कारात कोणीतरी विचारायचंच,
कापसासारखा असतो का हो बर्फ?
नाही, म्हणायची. कापूस वेचलाय मी.
बोंड बोटं फाडते, मग कापूस तिथंच चिकटते.
बर्फ कोणाले धरून ठेवत नाही.

पहिल्या शर्यतीत अकरा वेळा पडली. शेवटून पहिली.
दुसऱ्या वर्षीही शेवटून पहिली,
पण पडली दोनदाच.
मग बरीच वर्षं फॉर्म, शिफारसपत्रं, उसने बूट,
आणि दरसाल अंधत्वाचा नवा दाखला,
जणू डोळे मार्चअखेर उघडणार होते.

ज्या शर्यतीचं लोक अजून बोलतात
तिच्या आदल्या रात्री माझा घसा बसला.
थंडीनं म्हणा, भीतीनं म्हणा.
रेषेवर उभं राहून तोंड उघडलं
तर नुसती वाफ.
निमा म्हणाली, "खोकलता येते काय?"
येत होतं.
एक खोकला डावीकडं, दोन उजवीकडं,
उताराला लांब, बरगड्यांतून ओढून.
दहा किलोमीटर मी खोकललो.
पंच एकमेकांना विचारत होते,
या माणसाला पळू कोणी दिलं?

तिसरी आली.
पदक तिनं चावून पाहिलं,
मग मला चावायला दिलं.

अडतिसाव्या वर्षी गुडघ्यानं थांब म्हटलं.
आता आश्रमशाळेतल्या पोरांना
काठी रोवायला शिकवते. ओरडते फार.
बबनची चाकं अजून फिरतात,
बबन नाही.

मंगळवारच्या बाजारात
मिरचीच्या ढिगापाशी मला ठसका लागतो.
पार पलीकडं, बांगड्या चाचपत बसलेली निमा
हातातली जोडी तशीच सोडून
डावीकडं वळते.