अंदाज

उदगीरला, किल्ल्याच्या रस्त्यावर,
मुदस्सिरचे अब्बा जिथं गाद्यांचा कापूस पिंजायचे
त्या बंद दुकानाच्या पायरीवर
आम्ही चौघं खेळायचो.
वायफाय त्यांचंच. पासवर्ड: शेळीचं नाव.

मुदस्सिर लपण्यात उस्ताद.
गेममधल्या गवतात पालथा पडून राहायचा
दहा-दहा मिनिटं,
आणि इथं पायरीवर खरोखरचा श्वास धरायचा,
जसा काही तो मोबाईलमध्ये ऐकू जाईल.

मी फाईल घेतली दीडशे रुपयांत,
तोंड न पाहिलेल्या एका पोराकडून.
आत येताना तिनं विचारलं:
मेसेज वाचू? फोटो बघू? नंबर घेऊ?
मी म्हटलं हो. हो. हो.
एवढं वाचतंय कोण.

आणि भिंती काचेच्या झाल्या.
प्रत्येकीमागं एक लाल माणूस, नुसती रेघांची चौकट.
गवतातला तोही दिसला.
त्याचं कोपर माझ्या कोपराला लागलेलं
आणि मी बंदूक उचलली
ताटातलं मीठ घ्यावं इतक्या निवांत.

"तुला कळालं कसं रे?"
"अंदाज."
"लई जबर अंदाज आहे तुझा," म्हणाला,
आणि शिकायलाच बसला माझ्यापाशी.
पावलं कशी ऐकायची, सावली कुठं बघायची,
मी शिकवलं. तोंडाला येईल ते.
त्यानं घरी जाऊन घोकलं.

गोट्यांत रडीचा डाव केला की
पोरं कॉलर धरायची, गल लाथेनं बुजवायची,
दिवेलागणीपर्यंत मिटून जायचं.
इथं कॉलरच नव्हती.

फोन आईचा होता, हे सांगायचं राहिलं.
बचत गटाचे अकरा हजार चारशे
एका दुपारी गेले.
ओटीपी आला, कुणीतरी वाचला, पुसला,
तिला साधी टिंग ऐकू आली नाही.
बँकेतला माणूस म्हणाला,
दार आतून उघडलंय कुणीतरी.
गटातल्या बाया ओट्यावर येऊन बसल्या,
चहा घेतला नाही एकीनंही.

खातं दहा वर्षांसाठी बंद झालं ते नंतर.
त्याचं एवढं काही नाही.

मुदस्सिर अजून खेळतो.
परवा हरला, फोन मांडीवर उलटा ठेवला,
म्हणाला, "तू सांगितल्यागत पावलं ऐकायलोय,
पण ऐकूच येईनात.
माझा अंदाजच कच्चा आहे बघ."

मी म्हटलं,
येईल हळूहळू.