भूल

अर्जुनी-मोरगावच्या सरकारी दवाखान्यात
सुकरू दिघोरे उलटे आकडे मोजतो.
दहा, नऊ, आठ
सातावर जीभ लोळते.

नाडी आहे, श्वास मी पुरवतोय.
फक्त सुकरू नाही.

एकवीस वर्षं हेच करतोय,
नेमकं काय विझवतो, ठाऊक नाही.
पुस्तक म्हणतं, मेंदूचे भाग
आपसात बोलायचे थांबतात.
असेल. पण ऐकत कोण होतं?

दुपारी तो डोळे उघडतो.
“कोठी होतो मी?”
इथंच, टेबलावर.
“नाही जी. जारं टाकलं का
पानी सप्पा निंगून जाते, मासोरी रायते.
आज त जारंच नोहोतं.”

संध्याकाळी तलावाच्या पाळीवर गाडी थांबवून
मीही मोजले, दहापासून.
शून्यावर आलो.
अजून मीच.
डास चावत होते.