अकरा सेकंद

आर्वो गेला जानेवारीत. जमीन इतकी गोठलेली
की खड्डा खणायला दोन दिवस लागले.
मार्चमध्ये दोन नंबरचं दाबयंत्र अडखळू लागलं.
दलदलीच्या जळाऊ मातीच्या विटा
अर्ध्याच पडायच्या, कडा भुसभुशीत.
दुरुस्तीला बसलो, तर कंट्रोलरने विचारलं :
पासवर्ड?

त्याचा वाढदिवस घालून पाहिला. कुत्रीचं नाव. होडीचा नंबर.
दर वेळी तोच तांबडा, निर्विकार दिवा.

मग तानेल पेनड्राइव्ह घेऊन आला.
"दोन मिनिटांत कुलूप तोडतं."
कुठून आणलं, ते त्याला नीट सांगता येईना.
मी म्हटलं, तोडेलही.
किंवा सगळं पुसून टाकेल,
आणि आपण बसू उघडी, रिकामी पेटी मांडीवर घेऊन.
किंवा त्याच दाराने आणखी कुणी आत येईल.
इथली धूळ ठिणगीची वाट बघत असते, तानेल.
ती पासवर्ड विचारत नाही.

कंपनीला पत्र लिहिलं. कंपनी विकली गेली होती.
घेणारे म्हणाले, मालकीचे कागद पाठवा, मग बघू.
आर्वोच्या हेल्वेने एक खोकं दिलं :
बिलं, मासेमारीचे परवाने,
आणि जुन्या प्रोग्रामची छापील पानं,
शेवटची चार सोडून.

तेव्हा मी वही घेतली, आणि स्टूल.
तीन रात्री यंत्रापुढे बसले,
आजाऱ्याच्या उशाशी बसावं तशी.
कोणता दिवा लागला, कोणता विझला, किती वेळाने.
आधी पंखा, मगच पट्टा.
सगळं जुळत गेलं. एकच जागा अडली :
दार लागल्यावर यंत्र अकरा सेकंद थांबायचं.
पुस्तकात पाच आहेत.

बॉयलरवरच्या लेम्बितने मिशा पुसल्या.
"काल्यु लंगडायचा ना.
दारापासून कठड्यापर्यंत त्याला अकरा लागत.
आर्वोने घड्याळ लावून मोजले होते."
काल्यु निवृत्त होऊन नऊ वर्षं झाली.

नवा प्रोग्राम लिहिला. रिकाम्या पट्ट्यावर चालवून पाहिला,
तानेलचा हात लाल बटणावर.
पासवर्ड आहे यालाही. लखोट्यात, तिजोरीत,
वर दोघांच्या सह्या.
तानेल म्हणाला, आता तरी पाच कर, विटा वाढतील.
अकराच ठेवले. शेजारी कारण लिहिलं,
काल्युच्या नावासकट.

आणि खरं सांगायचं तर, थंडी पडल्यापासून
माझाही डावा गुडघा धरतो.