रूम टोन

मुलाखत संपली की फिरोज बागवान हात वर करतो:
"एक मिनिट कुणी हलू नका, खोलीचा आवाज घेतोय."
रिकाम्या खोलीला आवाज असतो
हे खळदकरांना पटलं नाही,
पण जन्म भोसरीतल्या शिफ्टमध्ये गेलेला,
सांगितलं तसे थांबले, चष्मा हातातच.
पंखा बंद. फ्रीजही बंद; विसरायला नको म्हणून
फिरोजनं स्कूटरची किल्ली आत ठेवलेली,
दुधाच्या पातेल्याशेजारी.
खाली नळ स्टॉपकडे एक बस वळली.
मग बराच वेळ काहीच वळलं नाही.

त्याआधी तासभर ते लेथबद्दल बोलत होते.
सत्याऐंशी साली एक ड्रॉइंग आलं.
कशाचं, ते विचारायची पद्धत नव्हती.
बोटाएवढा व्हॉल्व्ह,
टॉलरन्स केसाच्या दहाव्या भागाइतका.
चाळीस केले, एकोणचाळीस पास झाले.
कुठं गेले, ते पुढं पेपर वाचून ताडलं.
उरलेला एक समोरच होता, वीजबिलांवर.
"जमले ते वर गेले हो,
चुकला तो घरी राहिला."
हसले. मी फोकस बघत होते.

फिल्म पुरी व्हायला तीन वर्षं लागली.
दुसऱ्या वर्षी खळदकर गेले.
सुनेनं फोन केला, रडली नाही, विचारलं,
ते पितळी काहीतरी भंगारात देऊ, की हवंय तुम्हाला?

शेवटचा शॉट ग्राफिक्सचा:
पाठमोरं यान, लहान होत होत ठिपका,
मग ठिपक्याची नुसती जागा.
त्यावर व्हायोलिनं होती. काढली.
तपासायला आलेले प्राध्यापक म्हणाले,
"अवकाशात आवाज नसतो, बाई.
इथं काहीतरी ऐकू येतंय."
बरोबर आहे सर, म्हटलं,
आणि पट्टी होती तशी ठेवली.

एक मिनिट चार सेकंद.
कान दिला तर
चष्म्याची काडी एकदा उघडते, मिटते.
कुणीतरी श्वास घेतं, बेतानं,
मायक्रोमीटर वाचताना घेतात तसा.
आणि फिरोजनं हात खाली घ्यायच्या आत,
अगदी हळू आवाजात:
"किल्ली आत आहे बरं का तुमची."

तेवढं मात्र कापलं.