नदीची पातळी

दुपारी तीनला रेडिओ डॅन्यूबची पातळी सांगतो,
गावागणिक, सेंटिमीटरमध्ये,
घरातल्या आजाऱ्याचा ताप सांगावा तशी.
वेलिको पेन्सिलीला टोक करून बसलेला असतो.
रुसे : तीनशे चार. कालच्यापेक्षा दोन कमी.
वहीत लिहितो. ही एकतिसावी वही.
नाव विकून एकोणीस वर्षं झाली.

सकाळ मात्र सरता सरत नाही.
लांब दांड्याच्या भांड्यात
हात आपसूक दोन कपांचं पाणी घालतो.
पूर्वी दुसरी कॉफी मोरीत ओतायचा,
आता पितो. डॉक्टर नको म्हणालेत.
डॉक्टरांना सांगणार कोण.

मग जिना. खाली इमारतीच्या दारावर
पेनकाच्या फोटोचा कागद.
इथली रीतच आहे, गेलेलं माणूस दारावर राहतं :
‘सहा महिने तिच्याविना’, ‘एक वर्ष’, आता ‘चार’.
छापखान्यात दर खेपेला तोच फोटो,
डोळे थोडे अधिक पुसट.
वाऱ्याने कोपरा सुटलाय. तो अंगठ्याने दाबून धरतो.
तिसऱ्या मजल्यावरची बाई विचारते, चिकटपट्टी देऊ?
तो मान आडवी हलवतो. इकडे त्याचा अर्थ हो.
पाववालीला तर ठाऊकच आहे : अर्धा.

मंगळवारी रेडिओ खरखरला.
विदिन आलं, लोम आलं, स्विश्तोव आलं,
खरखर,
मग एकदम सिलिस्त्रा.
पेन्सिल हवेतच.
ओळ कोरी कशी सोडायची?
पेनका गेली त्या दिवशीचीसुद्धा भरलेली आहे :
पाचशे एकोणचाळीस. पूर होता.

त्याने कोट चढवला, धक्क्यावर गेला.
मोजपट्टी पाण्यात उभी, शेवाळलेली.
खिसे चाचपले. चष्मा टेबलावर.
पायरीवर एक पोरगा गळ टाकून बसला होता.
वेलिको दोनदा खाकरला.
आवाज शुक्रवारपासून वापरला नव्हता.
‘वाच रे जरा, किती आहे.’
पोरगा वाकला. ‘तीनशे एक. थांबा, लाट आली. तीन.’
‘नक्की सांग.’
‘नदी आहे आजोबा. उभी राहते का ती?’

वहीत ३०१ आहे, खोडलेलं. पुढे ३०३.
त्याच्या शेजारी, जिथे कधीच काही नसतं,
बारीक अक्षरात : पोराला दोन मासे.

बुधवारी रेडिओ स्वच्छ लागला.
आकडा लिहिला, दोन घटले.
मग कोट घातला,
चष्मा घडी करून वहीवर ठेवला,
आणि निघाला.