चतुःसीमा

कवठ्याच्या कोर्टाबाहेर, पत्र्याच्या शेडात
मी दावे टाइप करते. पानाला वीस रुपये,
घाईचं असेल तर तीस.
बाबगोंडा बिरनाळे आले तेव्हा
बंडीच्या खिशात सातबारा होता, घामानं मऊ पडलेला.
वकील सांगत गेले, मी बोटं चालवली:
सदर मिळकतीच्या पूर्वेस ओढा,
पश्चिमेस गावठाणाकडे जाणारी पाणंद,
दक्षिणेस वादीच्या चुलत्याचं रान,
उत्तरेस प्रतिवादी.

उत्तरेस प्रतिवादी म्हणजे रामहरी ओलेकर.
एका बांधाचे शेजारी. बांधावर चिंच,
सकाळची सावली एकाची, दुपारची दुसऱ्याची.
तिच्यावरून कधी कोर्ट झालं नाही.

प्रतिवादीने दिनांक अकरा एप्रिल रोजी रात्रीच्या वेळी
वादीच्या संमतीवाचून कूपनलिका खोदली.
मी लिहीत होते, तर बाबगोंडा मध्येच बोलले,
"तामिळनाडूची गाडी, बाई. रातभर फळीवरची भांडी वाजत हुती.
सात परस हीर. बाऽनं सुरुंग लावून काढलेली.
पहाटं वाकून बघतोय तर
पाणी पायरी सोडून खाली."
हे लिहायचं का, मी वकिलांकडे पाहिलं.
ते म्हणाले, लिहा:
पाणीपातळीत लक्षणीय घट झाली.

महिन्यानं ओलेकर आले, कैफियत घेऊन.
त्याच स्टुलावर बसले.
पाणाड्याच्या तळहातावर नारळ उभा राहिला होता म्हणे,
अगदी ताठ, आणि तोही हद्दीच्या आत.
"खरडछाटणी झालेली बाग. टँकरला अठराशे.
माझ्या रानात भोक पाडायला
मी कुणाला इचारू?"
त्याचं झालं:
प्रतिवादीने मालकीहक्काचा कायदेशीर उपभोग घेतला आहे.

दोन्ही कागद मी चुकांसाठी तपासले.
चुका नव्हत्या.
तहानही नव्हती कुठे.

मग हुकूम निघाला, जैसे थे.
ओलेकरांच्या मोटरला सील लागलं.
पाण्यावर बजावणी कशी करायची, मी बेलिफाला विचारलं.
तो म्हणाला, पत्ता अपुरा.

चौथ्या वर्षी कमिशनर जागेवर गेले,
पंचनामा लिहायला मी.
मोजणीवाल्याचा पोरगा आलाच नाही,
म्हणून टेपचं एक टोक बाबगोंडांनी धरलं, विहिरीच्या कठड्याशी,
दुसरं ओलेकरांनी, बोअरच्या केसिंगशी.
"ताठ धरा," कमिशनर ओरडले.
दोघांनी ओढलं.
चिंचेखाली टेपला तरी झोळ पडत होता.
"लई वढू नगं," बाबगोंडा म्हणाले, "तुटंल."
चार वर्षांतलं पहिलं वाक्य.
ओलेकरांनी हात जरा सैल सोडला.
एकशे बेचाळीस फूट.
मी आकडा लिहिला, वाक्य लिहिलं नाही.
पंचनाम्यात त्याला रकाना नसतो.

आणि सहाव्या वर्षी म्हैसाळचं पाणी
वरच्या तलावात पडलं.
विहीर पायरीला लागली, मग कठड्याला.
सील लागलेली बोअर एका रात्रीत आपसूक उसळली,
सरी भरल्या, बांध ओलांडून
पाणी बिरनाळ्यांच्या रानात शिरलं,
कुणाच्याही संमतीवाचून.

दावा चालू आहे.
कलम सात, दाव्यास कारण.
कारण एकदा घडलं की घडलं, वकील म्हणतात,
पाणी आलं म्हणून ते उलटं फिरत नाही.
तारखेला दोघं येतात, दोन बाकांवर बसतात,
जत गाडीची वाट मात्र एकाच थांब्यावर बघतात.
बोलतात की नाही, मला इथून दिसत नाही.

आज दुरुस्तीचा अर्ज होता.
चतुःसीमा पुन्हा टाइप करताना
पूर्वेस झालं, पश्चिमेस झालं,
दक्षिणेस आता चुलत्याची पोरं, वेगवेगळी तिघं,
उत्तरेस तेच.
आणि बोट अडलं.
खालच्या बाजूस कोण?
"काय झालं, बाई?" बाबगोंडांनी विचारलं.
"काही नाही. पान संपलं."
पानाला आता पंचवीस झालेत.
त्यांनी तीस दिले आणि उरलेले मागितले नाहीत.